सरतं तोंड, उरतं तोंड

तिला सगळे सरतीवाली म्हणत. हजेरीच्या वहीत मात्र ती 'सफाई कामगार, रोजंदारी' होती. झाडूसाठी पद असतं, बादलीसाठी असतं, लिफ्टचं दार उघडायला असतं. जी बाई माणसाचं अर्ध्या तासाचं दुखणं अर्ध्या मिनिटावर आणते तिच्यासाठी पद नसतं. बावीस वर्षं तिनं त्या इस्पितळात झाडूला हात लावला नव्हता, आणि बावीस वर्षं दर महिन्याला 'झाडू मिळाला' म्हणून सही केली होती.

सरती म्हणजे लाकडाचं एक पोकळ खोड. लांबी पाळण्याएवढी, दोन्ही टोकांना तोंडं, आणि या तोंडापासून त्या तोंडापर्यंत ताणलेली आतड्याची एकच तार. गज नाही, नखी नाही. बोटांना राळ लावायची आणि तार घासायची. आवाज म्हणाल तर झोपलेलं मांजर घुरघुरतं तेवढाच, एका खाटेपलीकडे जायचा नाही. एका तोंडातला आवाज ज्याच्या कानावर पडतो त्याचा वेळ भराभर सरतो. दुसऱ्या तोंडातला ज्याच्या कानावर पडतो त्याचा वेळ उरतो, संपता संपत नाही. म्हणून एक सरतं तोंड आणि एक उरतं तोंड. दिसायला दोन्ही जुळ्या बहिणींसारखी. वाजवणारीच्या उजव्या हाताला येतं ते सरतं, डाव्या हाताला येतं ते उरतं, एवढीच खूण. वाजवणारीला स्वतःला काही होत नाही. ज्या मांडीवर ते लाकूड लहानपणापासून ठेवलं, त्या अंगाला ते लागत नाही.

एकदा कुठल्याशा संग्रहालयाचे साहेब येऊन फूटपट्टीनं मोजून गेले. म्हणाले, "हे दोन-अडीच हजार वर्षांपूर्वीचं असावं." सरतीवालीची आई तेव्हा धडधाकट होती. ती म्हणाली, "असेल बाबा. तुम्ही होतात का तिथं? आमच्याकडे तर सासूकडून सुनेकडे आणि आईकडून लेकीकडे येतं, तारीख कुणी विचारली नाही." साहेबांनी पुन्हा तोंड दाखवलं नाही.

काम होतं जळालेल्या बायकांच्या वॉर्डात. बारा खाटा, एकाच रांगेत. सकाळी दहाला ड्रेसर ट्रॉली घेऊन येई. जळालेल्या अंगावरची जुनी पट्टी सोडवायची, मेलेली कातडी काढायची, धुवायचं, नवी पट्टी बांधायची. एकेका बाईला वीस मिनिटं. ही वीस मिनिटं काय असतात ते ज्यानं भोगलं त्यालाच ठाऊक. सरतीवाली खाटेच्या कडेला स्टूल टाकून खिडकीकडे तोंड करून बसे. खाटांची डोकी भिंतीला, म्हणजे बाईचं डोकं आपसूक तिच्या उजव्या हाताला. सरतं तोंड कानाकडे, उरतं तोंड पायांकडे. ड्रेसर कानात मेणाचे बोळे घालून काम करी. नवी बाई घाबरून विचारी, "अन् ते दुसरं तोंड?" की तो म्हणे, "ते पायांसाठी. पायांना कान असतात का वहिनी?" हा विनोद तो बावीस वर्षं करत होता आणि बावीस वर्षं नवीन बाई हसतच होती.

वीस मिनिटांनी तार थांबली की बाई डोळे उघडून म्हणे, "झालं? इतक्यात?"

बस. सरतीवालीची खरी कमाई हीच. हे दोन शब्द ऐकले की तिची मान ताठ होई. चालताना ती डॉक्टरांना वाट देत नसे, डॉक्टर तिला देत.

आईनं शिकवलेला एक नियम होता. वाजवताना माणसाच्या तोंडाकडे बघायचं नाही. बघितलं की हात कापतो, हात कापला की तार तुटते. नजर बोटांवर. माणूस कण्हो, रडो, मरो, मान वर करायची नाही. बावीस वर्षांत तिनं मान वर केली नव्हती. वॉर्डातल्या बायका ती त्यांच्या पावलांवरून ओळखायची.

मग एक मोठे साहेब इस्पितळ बघायला येणार असं ठरलं. साहेब यायचे म्हणजे भिंतींना अंघोळ आणि माणसांना धाक. तीन दिवस लोखंडी खाटांना लाल रंग मारणं चाललं होतं, आधीच भाजलेल्या बायका त्या वासानं ओकत होत्या. चौथ्या दिवशी सकाळी साडेनऊला कुणाच्या तरी डोक्यात आलं की फोटोत बायकांचे पाय दिसतील, तोंडं दिसायला हवीत. खाटा फिरवा! सगळ्या खाटा फिरल्या. डोकी वाटेकडे, पाय भिंतीकडे. हे सरतीवालीला कुणी सांगितलं नाही. सफाई कामगाराला कोण सांगणार?

दहाला ती आली. बोटांना राळ लावली, मान खाली, सगळ्यात भारी जखम म्हणून पहिली पाळी असलेल्या चार नंबरच्या खाटेशी स्टूल टाकलं, सवयीनं खिडकीकडे तोंड केलं आणि तार घासायला लागली.

चार नंबरला इस्त्रीवाली होती. मोठ्या धुलाईखान्यात वाफेच्या इस्त्रीवर काम करायची. वाफेची नळी फुटली आणि मानेपासून कंबरेपर्यंत सोलली गेली. वाफ छातीतही गेली होती, त्यामुळे तिला भूल देता येत नव्हती. तिची आठ वर्षांची मुलगी रोज शाळेत जाण्याआधी येऊन जाई. त्या दिवशीही पावणेदहाला येऊन गेली होती.

त्या सकाळी इस्त्रीवाली ओरडली नाही. नुसतं एक लांब, सपाट 'हूं' तिच्या नाकातून येत राहिलं. वेळ ताणला की किंकाळीही ताणली जाते, हे सरतीवालीला ठाऊक असायला हवं होतं. तिला वाटलं, बाई बरी आहे, गुणगुणतेय. ड्रेसरच्या कानात मेण.

वीस मिनिटं झाली. तार थांबली. 'झालं इतक्यात' आलं नाही.

"ताई," ड्रेसर मेण काढत म्हणाला, "ही बघतेय कशी बघा."

सरतीवालीनं मान वर केली. डोकं हवं तिथं पाय होते. उजव्या हाताला पाय. डोकं डाव्या हाताला होतं, आणि त्या डोक्यातले दोन डोळे तिच्यावर रोखलेले.

"तू एकदाही वर बघितलं नाहीस," इस्त्रीवाली म्हणाली. आवाज घासून घासून गेल्यासारखा. "महिनाभर. एकदाही नाही."

"काय बोलता ताई, आत्ताच तर..." ड्रेसर म्हणाला.

"पंख्याचं एकेक पातं मोजलं मी. एक जायचं, मग दुसरं यायचं. मधे माझं सगळं लहानपण आठवून झालं, तरी दुसरं यायचं नाही." मग तिनं दाराकडे बघितलं. "पोर कशी आहे माझी? महिन्यात एकदा आणायचं होतं कुणी."

"अहो, पोर आत्ता अर्ध्या तासापूर्वी..."

ड्रेसर बोलता बोलता थांबला. त्यानंही खाट बघितली, स्टूल बघितलं, सरतीची तोंडं बघितली. आयुष्यात पहिल्यांदा त्या माणसाला विनोद सुचला नाही.

इस्त्रीवालीनं त्यानंतर अंगाला हात लावू दिला नाही. दुसऱ्या दिवशी ड्रेसरच्या मनगटाला चावली. डॉक्टर म्हणाले, चौघांनी धरा. चौघांनी धरलं, तर तिनं अशी ओढ घेतली की मानेवर जेमतेम धरलेली नवी कातडी उचकटून आली. तिसऱ्या दिवशी पट्टीखालून वास यायला लागला, ताप चढला. डॉक्टरांनी तिच्या कागदावर लिहिलं, 'रुग्ण भ्रमिष्ट. काळवेळेचं भान नाही.' शहाणी माणसं! जिला त्या वॉर्डात वेळेचं सगळ्यात जास्त भान होतं, तिलाच भान नाही म्हणून लिहून मोकळी झाली.

तो कागद एका नर्सनं मोठ्यानं वाचला आणि इस्त्रीवालीनं ऐकला.

"मला वेड लागलेलं नाही," ती म्हणाली. "ते खोडा. काय झालं ते लिहा. मग हात लावा."

"आणि नाही लिहिलं तर?" नर्सनं विचारलं.

"तर मला जाळायची राहिली तेवढी जाळा. अर्धं काम झालंच आहे."

सरतीवाली वॉर्डाच्या मोठ्या सिस्टरांकडे गेली. मोठ्या सिस्टर वाईट नव्हत्या, फक्त थकलेल्या होत्या.

"मॅडम, चूक माझी झाली. खाट फिरली होती, मी बघितलं नाही. तेवढं लिहून टाका. आणि रंगाचा डबा अजून पडलाय ना? सरत्या तोंडावर एक लाल फटकारा मारू. पुन्हा कुणाची चूक होणार नाही."

मोठ्या सिस्टरांनी दार लोटून घेतलं. "खुळी आहेस का गं? लिहिलं की चौकशी येणार. चौकशीवाले पहिला प्रश्न विचारतील, हे लाकूड वॉर्डात कुणाच्या परवानगीनं आहे? आहे परवानगी? तू कागदावर झाडूवाली आहेस. ते रंगबिंग मारत बसणार नाहीत, कुलूप घालतील."

"मग ती बाई?"

"तिचं वेड उतरेल."

"तिला वेड नाही मॅडम."

"मला माहीत आहे. पण बाकीच्या अकरा जणींचं काय? त्यांना काय सांगशील?" मोठ्या सिस्टरांनी घड्याळाकडे बोट केलं. "आणि पुरावा काय आहे? घड्याळात वीसच मिनिटं झाली. महिना कुणी बघितला?"

सरतीवाली घरी गेली. दुपार होती. आई भिंतीला टेकून बसली होती, डोळे गेलेले, पण बोटं अजून मांडीवर तार घासल्यासारखी हलत. सरतीवालीनं सगळं सांगितलं. वाटलं होतं, म्हातारी कानाखाली देईल. म्हातारीची बोटं तेवढी मांडीवर थांबली.

"माझ्याकडूनही झालं होतं," मग म्हणाली.

"काय?"

"दोनदा. एकदा बाळंतीण होती. एकदा हाड बसवताना. तुझ्या आजीकडूनही झालं. कुणाकडून झालं नाही?"

"मग काय केलंत?"

"काय करणार? म्हटलं, जखमच भारी होती. लोकांना पटतं ते."

"त्या बाळंतिणीला पटलं?"

आई चिडली. "तिला पटवून काय करायचं होतं? पुन्हा बोललीच नाही ती कुणाशी. अगं, एक आंबा नासला म्हणून कुणी आढी फेकतं का? नियम काय आहे आपला? बघायचं नाही."

"हात कापतो म्हणून?"

"हात कापतो म्हणून," आई म्हणाली, आणि पुढचं अगदी सहज, दार लावून घे म्हणावं तसं बोलली. "आणि बघितलं की मग कळतं. कळलं की वाजवता येत नाही."

सरतीवालीच्या डोक्यात तिडीक गेली. ज्या नियमावर तिनं बावीस वर्षं मान ताठ ठेवली, तो हाताला जपायचा नियम नव्हताच. तो वाजवणारीला जपायचा होता. तिनं समोरचा तांब्या उचलून भिंतीवर आपटला. आई दचकली नाही. एवढंच म्हणाली, "तू सांगितलंस तर सरती जाईल. एवढ्या पिढ्या सांभाळलेली. तुझ्या हातून जाईल. विचार कर."

वॉर्डात बातमी तिच्या आधी पोचली होती. इस्पितळात औषध वेळेवर पोचत नाही, बातमी पोचते. सहा नंबरच्या आजीनं तिला खाटेजवळ बोलावलं. आजीच्या दोन्ही मांड्या भाजल्या होत्या, पण जीभ शाबूत.

"काय गं, मोठी हरिश्चंद्र व्हायला निघालीस म्हणे?"

"आजी, ती बाई मरेल."

"आणि आम्ही काय मिरवणुकीला बसलोय? मला अजून चाळीस पट्ट्या बाकी आहेत. डॉक्टरनं सांगितलंय. चाळीस वेळा. तू वाजवतेस म्हणून माझ्या खात्यात ती चाळीस मिनिटंसुद्धा होत नाहीत. तू नसशील तर किती होतील, सांग की." आजीनं तिचा पदर धरला. "पोरी, एकीसाठी अकरा जणींना जाळू नकोस."

आजीचं खरं होतं. हिशेबानंही खरं, माणुसकीनंही खरं. सरतीवालीनं तिचा पदर सोडवला, तोही हळूच, कारण आजीची बोटंही भाजलेली होती.

मग ती चार नंबरशी गेली. इस्त्रीवाली तापानं फणफणत होती. ओठ फुटलेले. तिच्या उशाशी मुलगी बसली होती, दप्तर मांडीवर घेऊन. शाळेत गेली नव्हती. आई हात धरू देत नव्हती म्हणून ती पोर चादरीचं टोक धरून बसली होती.

"काकू, तुम्हीच का त्या?" मुलीनं विचारलं. "आई म्हणते मी महिनाभर आले नाही. मी रोज येते. खरंच रोज येते. तुम्ही सांगा ना तिला."

पोरगी रोज येत होती हेही खरं आणि आईला ती महिनाभर दिसली नाही हेही खरं. आणि दोन्ही खरं कसं, हे सांगू शकणारं जगात एकच माणूस होतं, ते गप्प होतं.

ती तडक ऑफिसात गेली आणि वॉर्डाची वही ओढली. मोठ्या सिस्टर "अगं, अगं" म्हणेपर्यंत पेन तिच्या हातात. चौथीपर्यंत शिकलेली बाई. सही सोडून बावीस वर्षांत काही लिहिलं नव्हतं. एकेक अक्षर दगड ठेवावा तसं ठेवत तिनं लिहिलं:

'चार नंबरच्या बाईला वेड नाही. पाहणीसाठी खाटा फिरवल्या. मी उलट्या बाजूला बसले. तिच्या कानाला उरतं तोंड लागलं. तिनं महिनाभर सोसलं. मी बघितलं नाही. चूक माझी. खाटा फिरवल्या त्यांचीही.'

खाली सही. या वेळी झाडूची नव्हती.

डॉक्टरांनी वाचलं. म्हणाले, "बाई, शेवटचं वाक्य नसतं तर सांभाळून घेतलं असतं."

"शेवटच्या वाक्यासाठीच तर पेन उचललं," ती म्हणाली.

कुलूप लागायला दीड दिवसही लागला नाही. खाटा फिरवणाऱ्यांचं काय झालं? काही नाही. साहेबांचा फोटो पेपरात आला, बायकांची तोंडं छान दिसत होती. चौकशीवाल्या दोघांनी सरतीला हात लावायचं टाळत ती पोत्यात गुंडाळून भांडाराच्या खोलीत ठेवली आणि कुलपावर लाखेचं सील मारलं. एक लाल ठिपका मागितला होता तिनं लाकडासाठी. मिळाला, कुलपावर. 'धोकादायक वस्तू' अशी नोंद झाली. सफाई कामगाराला सांगितलं गेलं की उद्यापासून खरोखरच झाडू मारायचा. अकरा जणींनी तिच्याशी बोलणं टाकलं. ड्रेसर तेवढा म्हणाला, "ताई, बरं केलंत का वाईट केलंत मला कळत नाही. पण उद्या माझ्या कानातलं मेण काढावं लागणार, एवढं कळतं."

दुसऱ्या दिवशी दहाला ट्रॉली आली. डॉक्टरांनी जुनी ओळ खोडून खाली वहीतला मजकूर उतरवलेला कागद स्वतः इस्त्रीवालीच्या डोळ्यांपुढे धरला. तिनं दोनदा वाचला, मग मुलीला वाचायला लावला. मुलीला बाहेर पाठवलं. मग म्हणाली, "ती कुठंय?"

सरतीवाली झाडू भिंतीला टेकवून पुढे आली.

"समोर बस. इथं, डोळ्यांपुढे. मान खाली घातलीस तर थुंकेन."

ती बसली. हात रिकामे होते, त्यांचं काय करायचं कळेना, म्हणून मांडीखाली दाबले. ड्रेसरनं पट्टीचं पहिलं टोक उचललं.

त्यानंतरचं लिहिण्यासारखं नाही. इस्त्रीवाली ओरडली, जशी माणसं ओरडतात तशी, ताणलेलं 'हूं' नाही. शिव्या दिल्या. ड्रेसरला, डॉक्टरला, धुलाईखान्याच्या मालकाला, आणि सगळ्यांत जास्त समोर बसलेलीला. बावीस वर्षांत सरतीवालीनं पट्टी सोडवताना माणसाचं तोंड कसं होतं ते बघितलं नव्हतं. नाकपुड्या कशा पांढऱ्या पडतात, जीभ दातांत कशी सापडते, डोळे आपल्याला ओळखता ओळखता मधेच कसे ओळखेनासे होतात. आई म्हणाली होती तसंच झालं, कळत होतं. मान तिनं वळवली नाही. एकदा घड्याळाकडे नजर गेली, चारच मिनिटं झाली होती.

शेवटची गाठ बसली. इस्त्रीवाली घामानं निथळत होती. बराच वेळ नुसती धापा टाकत पडली.

"किती झाली?" तिनं विचारलं.

"बावीस मिनिटं. आज दोन जास्त लागली."

"बावीसच?"

"बावीसच."

"नक्की?"

"नक्की. मी बघत होते."

इस्त्रीवालीनं डोळे मिटले. "पोरीला आत पाठव," ती म्हणाली. माफीबिफी काही नाही. ती कुणी मागितली नव्हती, कुणी दिलीही नाही. पुढचे तीन आठवडे रोज तिनं हात लावू दिला. ती जगली. मान डावीकडे वळत नाही, पण जगली.

पण त्या सकाळी एवढं पुढचं कुणाला दिसत नव्हतं. ड्रेसरनं हात धुतले, ट्रॉली ढकलली. पाच नंबरची पट्टी आज नव्हती. ट्रॉली सहा नंबरशी थांबली.

आजीनं चार नंबरकडून येणारं सगळं ऐकलं होतं. तिनं पलंगाची लाल दांडी दोन्ही हातांनी धरली होती, भाजलेल्या बोटांनी.

"आजी," सरतीवाली स्टूल घेऊन तिथं आली. "मी बसते समोर."

"कशाला?" आजी म्हणाली. "तुझं तोंड बघून काय लवकर सरणार आहे का?"

आणि तिनं मान भिंतीकडे फिरवली. सरतीवाली स्टूल हातात धरून उभी राहिली. ड्रेसरनं कात्री उचलली.